सात करड्या बंड्या

आमच्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकाचे संपादक दर श्रावणात घरी येतात, चहा घेतात आणि म्हणतात, "साहेब, यंदाही कोर्टातल्या गमती द्या." मी देतो. एका वर्षी फणसाच्या झाडाची दिली, एका वर्षी विहिरीवरून भांडणाऱ्या दोन भावांची. लोकांना आवडल्या. त्या सगळ्या खऱ्या होत्या, पण खरं सांगायचं तर एक गोष्ट सांगावी लागू नये म्हणून मी बाकीच्या सांगत आलो. वकिलांना ही युक्ती चांगली ठाऊक असते. अडचणीच्या मुद्द्यावर येण्याआधी ते न्यायाधीशाला खूप हसवून घेतात.

यंदा ती युक्ती चालली नाही, आणि त्याचं कारण माझी मुलगी. मी आता तिच्याकडे बंगळूरला, बनशंकरीत राहतो. उन्हाळ्यात तिने माझी जुनी ट्रंक उपसली आणि आतून सात बंड्या काढून पलंगावर मांडल्या. सातही करड्या, एकाच कापडाच्या, एकाच मापाच्या. पाचांची तर घडीसुद्धा मोडलेली नव्हती.

"बाबा, तुम्ही एवढे हौशी कधी होता?"

"शिंपी चांगला होता," मी म्हणालो.

"म्हणून सात? आणि सगळ्या सारख्या?"

मी वर्तमानपत्र उघडलं. ती न्यायाधीशाची मुलगी आहे. साक्षीदार कुठे बोलायचा थांबतो तिथेच खरी गोष्ट असते, हे तिने लहानपणापासून माझ्याच तोंडून ऐकलेलं आहे. तिने बंड्या पुन्हा ट्रंकेत ठेवल्या नाहीत. अजून त्या माझ्या खोलीत खुर्चीवर आहेत. म्हणून हे लिहितो आहे.

मी अपिलं ऐकणारा न्यायाधीश होतो. पन्नासच्या दशकाच्या शेवटापासून निवृत्त होईपर्यंत कब्बन पार्कच्या कडेच्या लाल इमारतीत, हायकोर्टात बसलो. लोकांना वाटतं, न्यायाधीश म्हणजे समोर पिंजऱ्यात आरोपी, रडणारी बाई, शपथ घेणारा साक्षीदार. ते सगळं खालच्या कोर्टात. आमच्याकडे माणसं येतच नाहीत, कागद येतात. पंगत उठून गेल्यावर उष्टी पानं बघून स्वयंपाक कसा झाला होता ते सांगायचं, असं हे काम आहे. कुणी मीठ मागितलं होतं, कुणाला जिलबी वाढलीच नाही, हे पानांवरून ओळखायचं. सवयीने जमतं. आणि जमायला लागलं की वाटतं, पंगतीला बसलेल्यांपेक्षा आपल्यालाच जास्त कळतं.

फणसाचा खटला हा त्याचा नमुना. झाड एकाच्या परड्यात, वाकलेलं दुसऱ्याच्या परड्यात, फणस पडत पलीकडे. खालच्या दोन कोर्टांतून तो वाद माझ्यापर्यंत यायला इतकी वर्षं गेली की मधल्या एका वादळात झाडच आडवं झालं. हे दोन्ही वकिलांना माहीत होतं, मलाही कुणीतरी सांगितलं होतं. पण कागदात झाड उभं होतं, म्हणून आम्ही तिघांनी ते उभंच धरलं आणि फांदी कुणाची यावर दुपारपर्यंत चर्चा केली. मी फार विद्वत्तापूर्ण निकाल दिला.

विहिरीवाले भाऊ तर एकाच बसने यायचे आणि बागेतल्या एकाच बाकावर बसून एकाच डब्यातलं चित्रान्न, म्हणजे लिंबाचा भात, खायचे. बारा वाजता आत येऊन एकमेकांचे वैरी व्हायचे. निकाल झाल्यावर धाकटा हरला. तो उठून हात जोडून म्हणाला, "सरी, स्वामी," म्हणजे बरं, "आता ह्याच्या पुढचं अपील कुठं?" मी म्हटलं, कायद्याने आता पुढे काही नाही. तेव्हा त्याच्यापेक्षा थोरल्याचाच चेहरा पडला. पुन्हा एकत्र बंगळूरला यायला निमित्त उरलं नव्हतं.

या धंद्यातलं मुख्य हत्यार म्हणजे पेपर बुक. खालच्या कोर्टातले सगळे जबाब, दस्तऐवज, कन्नडमधले असतील तर त्यांचं इंग्रजी भाषांतर, हे सगळं छापून, बांधून न्यायाधीशाकडे येतं. त्या काळात छापखान्यातून ते घडीच्या घडी शिवून यायचं. कडा जोडलेल्याच. वाचण्याआधी सुरीने पानं कापून मोकळी करावी लागत. हे काम माझा दफेदार, म्हणजे कोर्टाचा शिपाई, चिन्नप्पा करी. लाल पटका, कमरेला पट्टा, छातीवर पितळी बिल्ला. मी कोर्टात जाताना तो पुढे चालायचा आणि लोक त्यालाच न्यायाधीश समजून नमस्कार करायचे. तोही घ्यायचा. त्याच्याकडे चंदनाची एक सुरी होती. तिने तो पानं अशी कापायचा की कडेला एक तूस दिसायचा नाही.

मी पेपर बुक आधी वाचून जायचो. यात काय विशेष, असं तुम्हाला वाटेल. पण पुष्कळ न्यायाधीश कोर्टात बसून वकिलाच्या तोंडून ऐकत ऐकत वाचत. मी घरून वाचून जायचो, आणि वकील वाचू लागला की हात वर करून म्हणायचो, "वाचलंय मी. पुढे चला." हे वाक्य माझं नाव होऊन बसलं होतं. तरुण वकील मला माझ्या मागे 'वाचलंय मी' असंच म्हणत. मला ते ठाऊक होतं आणि आवडतही होतं. युक्तिवाद संपला की लगेच, कोर्टातच, लघुलेखकाला निकाल सांगायचो. एका दिवसात चार-चार अपिलं उरकायची. माझ्या टेबलावर धूळ बसत नाही, असं सगळे म्हणत. टेबलावरच्या धुळीने आजवर कुणाचं वाईट केल्याचं ऐकलेलं नाही, हे मला उशिरा सुचलं.

तर ते दत्तकाचं अपील.

चामराजपेटेतलं मराठी शिंपी कुटुंब. तुळसाबाई नावाच्या निपुत्रिक विधवेने आपल्या धाकट्या बहिणीचा मुलगा, नारायण, तो तान्हा असताना दत्तक घेतला होता. पुढे वीस-बावीस वर्षांनी दिराच्या मुलांनी दावा लावला की दत्तक झालाच नव्हता, मावशीकडे वाढवायला ठेवलेला पोर होता, सबब घर आमचं. खालच्या कोर्टात तुळसाबाई जिंकली. दिराची मुलं अपिलात माझ्यासमोर आली.

दत्तकाचा कायदा सोपा आहे. जन्मदात्यांनी मूल उचलून दत्तक घेणाऱ्याच्या मांडीवर ठेवलं पाहिजे. ते देणं-घेणं कुणीतरी डोळ्यांनी पाहिलेलं असलं पाहिजे. बाकी हळद-कुंकू, जेवणावळ हे सगळं शोभेचं. तेव्हा प्रश्न एकच होता. नारायणला मांडीवर ठेवताना कुणी पाहिलं? तुळसाबाईचे सगळे साक्षीदार घरचेच होते, बहीण, मेहुणा, मामा. त्रयस्थ माणूस मला एकही सापडला नाही.

त्या आठवड्यात चिन्नप्पा होसकोट्याजवळच्या आपल्या गावी जत्रेला गेला होता. पेपर बुक मी घरीच कापलं होतं, न्याहारीच्या टेबलावर, लोण्याच्या सुरीने.

तुळसाबाईचे वकील शामण्णा. सत्तरीचे, उपरण्याने चष्मा पुसणारे, एक वाक्य बोलून दुसऱ्याची वाट बघणारे. त्यांच्या संथपणाने माझा पारा चढत असे.

ते म्हणाले, "आता मी दहाव्या साक्षीदाराचा जबाब वाचतो. पान एकशे बारा."

मी हात वर केला. "वाचलंय मी, शामण्णा. पुढे चला."

"महाराज, तो फक्त दोन पानांचा..."

"मी सगळं पुस्तक वाचलेलं आहे. पुढचा मुद्दा."

शामण्णांनी माझ्याकडे पाहिलं. मग पुस्तक मिटलं. ते जुन्या वळणाचे होते. न्यायाधीशाने वाचलंय म्हटल्यावर वाचलेलं असतं, यावर त्यांची श्रद्धा होती. अर्ध्या तासात मी निकाल सांगितला. दत्तकाचं देणं-घेणं पाहिलेला एकही त्रयस्थ साक्षीदार नाही, अपील मंजूर. म्हणजे घर पुतण्यांचं आणि कायद्यापुरता नारायण तुळसाबाईचा कुणी नाही.

मी उठलो. दारापाशी पोचेपर्यंत मागून बाईचा आवाज आला, मराठीत. पक्षकार सोडले तर त्या कोर्टात ती भाषा नीट समजणारा बहुधा मी एकटाच. तुळसाबाई शामण्णांना विचारत होती, "अण्णा, ओलगवाल्याचं सांगितलंत न्हवं त्यांना?"

शामण्णांना मराठी थोडं यायचं. ते म्हणाले, "त्यांनी वाचलंय अक्का. सगळं वाचलंय."

ओलग म्हणजे सनई-चौघडा, आपले वाजंत्री. मी घरी जाईपर्यंत विचार करत होतो की कुठला ओलगवाला. माझ्या वाचण्यात असा कुणी आला नव्हता. चहा घेता घेता पेपर बुकाची अनुक्रमणिका उघडली. साक्षीदार दहावा, मुनियप्पा, धंदा वाजंत्री, पान एकशे बारा. पानं उलटली. एकशे अकरावर नववा साक्षीदार संपत होता, पुढच्या पानावर अकरावा सुरू होत होता. त्या पुढच्या पानाचा आकडा होता एकशे चौदा. मधल्या घडीची कड जोडलेली. लोण्याची सुरी तिथे फिरलीच नव्हती.

मी ती घडी फाडली नाही. का, ते सांगता येणार नाही. दुसऱ्या दिवशी चिन्नप्पा जत्रेचा प्रसाद घेऊन हजर झाला, त्याच्यापुढे पुस्तक ठेवलं. कडा बघून त्याचा जीव कळवळला.

"स्वामी, ही पानं कापली कुणी? उंदरांनी?"

"मी कापली."

"आणि हे एक कसं राहिलं?"

"राहिलं. काप."

त्याने चंदनाची सुरी फिरवली, बोटाने कड साफ केली आणि पुस्तक माझ्या हातात दिलं. मी वाचलं. मुनियप्पाने सांगितलं होतं: मी शेकडो ठिकाणी वाजवतो, सगळी आठवत नाहीत, पण ही आठवते, कारण मूल आमच्या आवाजाने घाबरून रडायला लागलं. तुळसक्का म्हणाली, स्वल्प थांबा. आम्ही थांबलो. मग त्याच्या आईने त्याला उचलून तुळसक्काच्या मांडीवर ठेवलं, ते गप्प झालं आणि मग आम्ही पुन्हा वाजवायला घेतलं.

एवढंच. त्रयस्थ माणूस, जातीचा नाही, नात्याचा नाही. इतका खरा जबाब मी क्वचितच वाचला होता. असलं काही कुणी रचून सांगत नाही. रचणारा माणूस मुलाला हसवतो.

आता धंद्यातली आणखी एक गोष्ट सांगतो. कोर्टात सांगितलेला निकाल टाइप होऊन दोन-तीन दिवसांनी न्यायाधीशाकडे सहीला येतो. सही होईपर्यंत तो न्यायाधीशाचा असतो, सही झाली की कायद्याचा. तोवर न्यायाधीश अपील पुन्हा बोर्डावर लावू शकतो, दोन्ही वकिलांना बोलावून म्हणू शकतो, माझ्याकडून एक जबाब वाचायचा राहिला, पुन्हा ऐकतो. यात बेकायदा काही नाही. माझ्या एका वयस्क सहकाऱ्याने असं दोनदा केलं होतं आणि त्यांचं काही बिघडलं नव्हतं.

पण त्यांना कुणी 'वाचलंय मी' म्हणत नसे.

तीन दिवस मी स्वतःशीच युक्तिवाद केला. दोन्ही बाजू मीच मांडल्या आणि न्यायाधीशही मीच होतो, तेव्हा निकाल काय लागणार हे उघड होतं. बार असोसिएशनमध्ये हसतील. निकाल फिरला तर लोक म्हणतील, मराठी बाईने मराठी जज्जाला देवळात कुठेतरी गाठलं. वाजंत्री काय, सुपारी देणाऱ्याच्या बाजूनेच बोलायचा. हा शेवटचा मुद्दा मला विशेष पटला, कारण मला तो पटवून घ्यायचा होता.

टाइप केलेला मसुदा आला तेव्हा मी समासात एक वाक्य लिहिलं. 'वाजंत्री मुनियप्पा याचा जबाब मी काळजीपूर्वक वाचला असून तो मला विश्वासार्ह वाटत नाही.' कायद्याच्या दृष्टीने बघाल तर त्यात वाचल्याची बाब त्या क्षणी खरी होती. मी तो वाचलेला होता, चार-पाच वेळा. न्यायाधीशाने भाषा सुधारायला मसुद्यात हात घालायला हरकत नसते. पण माझ्या लघुलेखकाने कागद बघितला आणि म्हणाला, "सर, हे वाक्य त्या दिवशी नव्हतं."

"आता आहे," मी म्हणालो.

पान वाचायचं राहणं ही चूक होती. चूक कुणाच्याही हातून होते, लोण्याची सुरी सगळ्यांच्या घरी असते. पण त्या वाक्यावर मी सही केली, ती चूक नव्हती. त्या वाक्याने दार बाहेरून बंद झालं. न्यायाधीशाने जबाब वाचून नाकारला म्हटल्यावर दिल्लीचं कोर्टही त्यात बोट घालत नाही, आणि दिल्ली तुळसाबाईला परवडणारीही नव्हती. तिने घर सोडलं.

पुढची वर्षं मी कोर्टात वकिलांना वाचू दिलं. माझा वेग कमी झाला. लोक म्हणाले, साहेब थकले.

निवृत्त झाल्यावर महिन्याभराने मी चामराजपेटेत गेलो. कोर्टात असताना जाता येत नव्हतं, असं मी स्वतःला सांगत असे. बाजाराकडच्या गल्लीत नारायणचं शिंप्याचं दुकान शोधायला फार वेळ लागला नाही. दोन मशिनी, एक फळी. तुळसाबाई दाराशी उजेडात बसून काजं करत होती. मी वाक्य पाठ करून गेलो होतो. तिने वर बघितलं.

"तुम्ही कोर्टातले साहेब न्हवं काय?"

"हो."

"बसा की. नारायणा, स्टूल दे सायबांना. काय शिवायचंय?"

हा प्रश्न मला अपेक्षित नव्हता. मी म्हणालो, "बंडी."

नारायण फीत घेऊन आला. पस्तिशीच्या आतला, गंभीर, हात हलका. छातीचं माप घेताना तो श्वास रोखायचा, आपलंच माप असल्यासारखा. म्हातारी म्हणाली, "माझ्या लेकाच्या हाताला माप बसतं बरं. ह्या गल्लीत असा हात न्हाई." तिने 'लेक' म्हटलं ते अगदी सहज, कुणाला ऐकवायचं म्हणून नव्हे. नारायणने आकडा लिहून घेतला.

मग ती म्हणाली, "त्या दिवशी तुम्ही लई भरभर बोललात. इंग्लिश. शामण्णांनी मागनं सांगितलं, सायबांनी सगळं वाचलंय, ओलगवाल्याचंबी. म्हटलं, वाचून सांगितलं तर काय बोलायचं आपण. पण मला एक सांगा साहेब. राग न्हाई माझा, उगी इचारते. मुनियप्पाच्या बोलण्यात खोटं काय वाटलं तुम्हाला?"

नारायणची फीत माझ्या खांद्यावर थांबली.

आयुष्यभर मी लोकांना प्रश्न विचारत आलो. इतका सरळ प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. मी म्हणालो, "जरा सैल ठेवा. काखेत काचते."

"सरी," नारायण म्हणाला.

म्हातारीने काज पुढे घेतलं. तो प्रश्न तिने पुन्हा कधी विचारला नाही. मी मात्र दर दोन-चार महिन्यांनी तिथे जात राहिलो, दर वेळी तेच वाक्य पाठ करून. दर वेळी ती म्हणायची, काय शिवायचंय, आणि दर वेळी मी बंडी सांगायचो. नारायण माप न घेताच शिवू लागला. कापड कुठलं, हे विचारणंही त्याने सोडलं. घरी माझी बायको म्हणाली, तुम्हाला त्या दुकानात कुणी धरून ठेवलंय का.

आठव्यांदा गेलो तेव्हा फळ्या लावलेल्या होत्या. शेजारच्या पानवाल्याने सांगितलं, अक्का गेली, दिवस झाल्यावर नारायण दुकान घेऊन होसकोट्याकडे गेला. होसकोटे काही लांब नाही, बस जाते. मी गेलो नाही. नारायणला सांगून चाललंही असतं. पण प्रश्न तिने विचारला होता.

सातव्या वेळेचं सांगून संपवतो. त्या दिवशी नारायण बाजारात गेला होता, दुकानात ती एकटीच होती. इतक्या दिवसांत अशी वेळ आली नव्हती. मी स्टुलावर बसलो. ती सुईत दोरा ओवायची खटपट करत होती, तीनदा चुकला. तिने सुई-दोरा माझ्यापुढे धरला.

"ओवा की साहेब. आता दिसत न्हाई मला."

मी चष्मा सारखा केला आणि ओवला. पहिल्याच खेपेला गेला.

"नजर चांगली हाय की तुमची अजून," ती म्हणाली. "सगळं वाचता येत असंल."

अक्का, ते पान मी वाचलं नव्हतं. एवढंच म्हणायचं होतं. ते माझ्या तोंडाशी होतं, दुकानात कुणी नव्हतं आणि ती माझ्याकडेच बघत होती.

"येतं," मी म्हणालो, आणि सुई तिच्या हातात दिली.